ढालकिड्याची पाठवणी

भाताची शेते पोटरीवर आली, म्हणजे भिवंडीच्या आसपास संध्याकाळी दिव्यांभोवती कीटकांची दाटी होऊ लागते. पडघा, अनगाव, खारबाव, अंजूर ही तालुक्यातील गावे परंपरेने भातशेतीची. भिवंडी शहर मात्र यंत्रमागांचे. एका बाजूस शेतांवरचा अंधार असतो, तर दुसऱ्या बाजूस रात्रपाळीने चालणाऱ्या कारखान्यांचा आणि रस्त्यालगतच्या प्रचंड गोदामांचा लखलखाट असतो. या दोहोंच्या मधोमध माणसांची घरे आहेत. अंधारातून निघालेला कीटक प्रकाशाकडे धाव घेतो आणि वाटेत उघडी खिडकी आढळली, की घरात शिरतो. हिरवे तुडतुडे, पतंग, चिलटे यांच्या त्या गर्दीत कधी कधी एक छोटा, वाटोळा, चकचकीत पाहुणाही दिसतो. तुरीच्या दाण्याएवढे त्याचे अंग, नारिंगी किंवा तांबडा रंग आणि पाठीवर बहुधा काळे ठिपके. हाच ढालकिडा. इंग्रजी बोलणारे लोक त्याला लेडीबर्ड किंवा लेडीबग म्हणतात.

तो केवळ दिव्याच्या ओढीने येतो असे नाही. मेथीच्या जुडीतून, कोबीच्या पानांतून किंवा चवळीच्या शेंगांबरोबर तो बाजारातून घरात येतो. कधी दोरीवर वाळत घातलेल्या कपड्यांवर बसून येतो. येतो तो हेतूने नव्हे, तर वाट चुकून. त्याला घरात खायला काही नसते. पोळीचा तुकडा त्याला नको, साखरेचा डबा नको, माणसाचे रक्तही नको. तथापि बहुतेक घरांत त्याचे स्वागत चपलेच्या फटकाऱ्याने किंवा विषारी फवाऱ्याने होते. किडा दिसला की मारावा, अशी पुष्कळांची समजूत असते. या समजुतीचा नीट विचार केला पाहिजे.

घरात कीटक येऊ नयेत, ही माणसाची इच्छा अगदी रास्त आहे. स्वयंपाकघरात माशी घोंघावू नये, अंथरुणात ढेकूण नसावा, डासांचा उपद्रव होऊ नये, असे कोणाला वाटणार नाही? हिवताप आणि डेंग्यू यांचा प्रसार डासांमुळे होतो. तेथे दयामाया दाखवणे म्हणजे शेजाऱ्यापाजाऱ्यांचा जीव धोक्यात घालणे होय. परंतु घराबाहेर ठेवणे ही एक गोष्ट आहे आणि ठार मारणे ही दुसरी. डासाच्या बाबतीत या दोन गोष्टी एकच ठरल्या, म्हणून त्या सर्वांच्या बाबतीत एकच ठरत नाहीत. ढालकिड्याला घराबाहेर खुशाल ठेवावे. मात्र त्याला जिवंत बाहेर पोहोचवावे, हे न्यायाचे आहे आणि माणसाच्या हिताचेही आहे.

न्याय करावयाचा, तर प्रथम ओळख पटली पाहिजे. पुष्कळ मुले तांबड्या रंगाचा कोणताही लहान जीव पाहिला, की त्याला एकाच नावाने हाक मारतात. जून महिन्यात मृग नक्षत्राच्या पहिल्या पावसानंतर ओल्या मातीवर मखमलीसारखा लाल जीव चालताना दिसतो. तो मृगाचा किडा. त्याला आठ पाय असतात. म्हणजे तो कीटकच नव्हे, तो कोळ्याच्या गोत्यातला आहे. पिठाच्या डब्यात आढळणारा तांबूस रंगाचा चपटा भुंगेरा आणि तांदळातील सोंडे हेही निराळे. ते खरोखर धान्य नासवतात. ढालकिड्याला सहा पाय असतात, आणि त्याची पाठ ढालीसारखी फुगीर व टणक असते. ही ढाल म्हणजे त्याचे वरचे दोन पंख होत. उडावयाचे झाले की तो ही ढाल दोन बाजूंस उघडतो आणि तिच्याखाली घडी घालून ठेवलेले पातळ पंख पसरतो. पाठीवरील ठिपके मोजून त्याचे वय सांगता येते, असे काही जण म्हणतात. पण ते खरे नाही. ठिपके वयाबरोबर वाढत नाहीत. सात ठिपक्यांचा ढालकिडा लहान असो वा मोठा, त्याच्या पाठीवर सातच ठिपके असतात.

आता त्याचा उद्योग पाहावा. झाडाच्या कोवळ्या शेंड्यावर, पानाखाली, शेंगेच्या देठाशी बारीक हिरव्या किंवा काळ्या किड्यांचा थर बसतो. शेतकरी त्याला मावा म्हणतात. मावा झाडाचा रस शोषतो, पाने आक्रसतात, शेंगा भरत नाहीत. शिवाय त्याच्या अंगातून गोड, चिकट पाझर निघतो आणि त्यावर काळी बुरशी चढते. हा मावा ढालकिड्याचे मुख्य अन्न आहे. ढालकिड्याची मादी माव्याच्या वस्तीजवळ पानाखाली पिवळ्या अंड्यांचे पुंजके घालते. अंड्यांतून निघालेल्या अळ्या जन्मापासून माव्यावर तुटून पडतात. अळीचा कोश होतो व कोशातून ढालकिडा बाहेर येतो; उबदार हवेत हे सारे साधारणतः तीन-चार आठवड्यांत घडते. अळी आणि पूर्ण वाढलेला ढालकिडा, दोघेही दिवसभरात माव्याचे डझनावारी किडे फस्त करतात. भाताच्या शेतात तर एक ठिपके नसलेला नारिंगी ढालकिडा आढळतो. तो तुडतुड्यांची अंडी व पिले खातो. म्हणजे ज्या शेतकऱ्याच्या घरात ढालकिडा चिरडला जातो, त्याच शेतकऱ्याच्या शेतात तो बिनपगारी राखणदार असतो.

या राखणदाराची योग्यता जगाने पूर्वीच ओळखली आहे. सुमारे 135 वर्षांपूर्वी अमेरिकेतील कॅलिफोर्निया प्रांतात संत्र्या-लिंबांच्या बागांवर ऑस्ट्रेलियातून आलेल्या एका पांढऱ्या खवले किडीने घाला घातला. औषधे चालेनात; बागाईतदार झाडे तोडू लागले. तेव्हा आल्बर्ट कोबेले नावाचा कीटकशास्त्रज्ञ 1888 साली ऑस्ट्रेलियास गेला आणि या किडीला तिच्या मायदेशी कोण खातो, याचा त्याने शोध घेतला. त्याला एक लहानसा ढालकिडा सापडला. 1888-89 च्या सुमारास त्याने तो बोटीने धाडला. पहिल्या खेपांतून एकंदर 129 किडे लॉस एंजलिसला पोहोचले. त्या मूठभर किड्यांच्या वंशाने दोन वर्षांच्या आत बागा वाचवल्या. भारतातही 1898 साली ऑस्ट्रेलियातून क्रिप्टोलेमस नावाचा ढालकिडा कॉफीच्या मळ्यांसाठी आणला गेला. कॉफीवरील ज्या किडीसाठी तो आणला, तिच्यावर त्याचा फारसा प्रभाव पडला नाही. परंतु पिठ्या ढेकणाचा तो मोठा शत्रू ठरला. आज महाराष्ट्रातील द्राक्षबागांमध्ये पिठ्या ढेकणाच्या बंदोबस्तासाठी हाच किडा प्रयोगशाळेत वाढवून सोडतात. जो किडा शेतकरी दाम मोजून विकत आणतो, तोच शेजारच्या घरात फवाऱ्याने मारला जावा, ही केवढी विसंगती!

यावर कोणी म्हणेल, “शेतात तो मित्र असेल, घर म्हणजे काही शेत नव्हे. घरात त्याचा उपद्रवच होतो.” हे म्हणणे अगदीच खोटे नाही. ढालकिड्याला डिवचले, की तो पाय आत ओढून मेल्याचे सोंग घेतो आणि पायांच्या सांध्यांतून पिवळा, कडवट, उग्र वासाचा द्रव सोडतो. पक्ष्यांनी आपल्याला खाऊ नये, म्हणून निसर्गाने त्याला दिलेले हे शस्त्र आहे. हा द्रव पांढऱ्या कापडावर किंवा भिंतीवर लागला, तर पिवळा डाग पडतो. ज्या शहराचा संसार कापडावर चालतो, त्या शहरात डागाची भीती सर्वांना ठाऊक असते. परंतु हा डाग पडतो केव्हा? किड्याला दाबले, चिरडले किंवा झटापट केली तेव्हा. त्याला अलगद उचलले, तर डाग सहसा पडत नाही. म्हणजे डागाचे भय हे मारण्याचे कारण नसून, न मारण्याचे कारण आहे.

थंड देशांत मात्र हा उपद्रव मोठा असतो, हेही मान्य केले पाहिजे. पूर्व आशियातील एका जातीचा ढालकिडा पिकांच्या रक्षणासाठी अमेरिकेत अनेकदा सोडण्यात आला. 1988 साली लुइझियाना राज्यात तो कायमचा रुजल्याचे आढळले आणि मग तो सर्वत्र पसरला. तेथे हिवाळ्यात बर्फ पडते. थंडीत तग धरण्यासाठी हे किडे शरद ऋतूत घरांच्या उन्हाच्या भिंतींवर शेकड्यांनी, कधी हजारोंनी जमतात आणि खिडक्यांच्या फटींतून आत शिरून बसतात. 2004 साली हा किडा ब्रिटनमध्येही पोहोचला आणि त्याने तेथील मूळच्या काही ढालकिड्यांची जागा बळकावली. महाराष्ट्रातून जाऊन तिकडे स्थायिक झालेल्या कुटुंबांनाही खिडकीच्या चौकटीत त्यांचे थवे पाहावे लागतात. दुसऱ्या देशातील जीव आपल्या सोयीसाठी आणताना किती विचार करावा लागतो, हे त्यावरून दिसते. परंतु लक्षात घेण्यासारखी गोष्ट अशी, की तेथील जाणकारही प्रथम फवारा सांगत नाहीत. फटी बुजवा, असे सांगतात. भिवंडीत तर बर्फ पडत नाही आणि ढालकिड्याला हिवाळा काढण्यासाठी माणसाच्या घराची गरज नाही. येथे येतो तो एखाददुसरा चुकार पाहुणा. एका पाहुण्यासाठी सबंध घरात विष पसरवणे शहाणपणाचे नव्हे.

फवाऱ्याचा दोष एवढ्यावर संपत नाही. घरगुती फवाऱ्यातील विषाला डास आणि ढालकिडा यांत भेद करता येत नाही. मराठीत म्हण आहे, ‘सुक्याबरोबर ओलेही जळते.’ गॅलरीतील जास्वंदीवर असा फवारा मारला, तर मावा मरतो आणि ढालकिडेही मरतात. पण पुढे काय होते? माव्याच्या मादीला नराचीही गरज नसते. ती अंडी न घालता सरळ पिले देते आणि ती पिले आठवड्याभरात स्वतः पिले देऊ लागतात. ढालकिड्याची नवी पिढी तयार व्हायला मात्र काही आठवडे लागतात. त्यामुळे पानाखाली वाचलेला थोडासा मावा झपाट्याने वाढतो आणि त्याला खाणारा कोणी उरलेला नसतो. मग पुन्हा फवारा, पुन्हा मावा. चोर सोडून संन्याशाला फाशी देण्याचाच हा प्रकार!

शिवाय हे विष कोठे जाते? भिवंडीतील कितीतरी कुटुंबे एका खोलीत राहतात. त्याच खोलीत चूल, तेथेच पाळणा आणि तेथेच अभ्यासाची वही. दारे-खिडक्या लावून फवारलेले औषध किड्याच्या अंगावर जेवढे बसते, त्याहून कितीतरी अधिक भांड्यांवर, अंथरुणावर आणि माणसांच्या श्वासात उतरते. कीटकनाशक हे प्रथम विष आहे आणि मग औषध, याचा विसर पडणे किती महाग पडते, ते महाराष्ट्राने 2017 साली पाहिले. त्या वर्षी यवतमाळ जिल्ह्यात कपाशीवर फवारणी करताना विषबाधा होऊन अनेक शेतकरी व शेतमजूर प्राणास मुकले. घरातील फवारा तेवढा तीव्र नसतो, हे खरे. पण गरज नसताना तो वापरण्याची सवय मात्र घरातच लागते.

येथे एक गोष्ट प्रांजळपणे सांगितली पाहिजे. ढालकिड्याच्या कुळातील सर्वच जण सज्जन नाहीत. अठ्ठावीस ठिपक्यांचा, निस्तेज तपकिरी रंगाचा आणि अंगावर बारीक लव असलेला त्यांचा एक भाऊबंद वांग्याची पाने खातो. पानाची केवळ जाळी शिल्लक ठेवतो. परसातील वांग्यावर तो दिसला, तर अळ्यांसह वेचून काढावा. याउलट ढालकिड्याची अळी दिसण्यास कुरूप असते. काळसर, लांबट, काटेरी, जणू सुसरीचे इवलेसे पिलू. ती पाहून माणसे घाबरतात आणि मारतात. क्रिप्टोलेमसच्या अळीवर तर मेणासारखे पांढरे तंतू असतात, त्यामुळे ती पिठ्या ढेकणासारखीच दिसते. म्हणून कुळावरून किंवा रूपावरून निवाडा करू नये. कोण काय करतो, हे पाहून करावा.

समजा, एखाद्या घरात नात धावत येऊन म्हणते, “आजी, जास्वंदीवर काळी अळी बसली आहे. मारू का?” आजीने म्हणावे, “थांब बाळ. ती पान खाते की पानावरचा मावा खाते, ते आधी बघ.” नात पाच मिनिटे निरखून पाहील, अळीने माव्याचा एक किडा तोंडात धरलेला तिला दिसेल, आणि ती स्वतःच म्हणेल, “आजी, ही तर आपलीच आहे!” ती पाच मिनिटे वाया गेली असे कोणी म्हणणार नाही.

तर मग ढालकिड्याला घराबाहेर कसे ठेवावे? उपाय सोपे आहेत आणि त्यांना पैसा फारसा लागत नाही. पहिला उपाय दिव्याचा. कीटक निळसर-पांढऱ्या प्रकाशाकडे अधिक ओढले जातात, पिवळसर प्रकाशाकडे कमी. संध्याकाळी खिडकीजवळ पिवळसर दिवा लावावा व नको असलेला दिवा मालवावा. दुसरा उपाय फटींचा. खिडकीला बारीक जाळी बसवावी. तेवढी ऐपत नसेल, तर जुन्या मच्छरदाणीचा तुकडा ताणून लावावा. दाराखालची फट कापडाच्या वळकटीने बुजवावी. कापडाच्या चिंध्यांना भिवंडीत काय तोटा? मात्र चुलीचा धूर बाहेर जाण्याची वाट कधीही बंद करू नये. तिसरा उपाय सवयीचा. भाजीची जुडी दाराबाहेर सोडून झटकावी आणि वाळलेले कपडे घरात आणण्यापूर्वी एकदा झाडावे. या तिन्ही उपायांनी डास, पतंग आणि तुडतुडेही कमी होतात, हा लाभ वेगळाच.

इतके करूनही एखादा ढालकिडा आत आलाच, तर त्याची पाठवणी करावी. खोलीतील दिवा थोडा वेळ मालवून ओसरीतील किंवा गॅलरीतील दिवा लावला, तर तो आपण होऊन बाहेर जाण्याचा संभव असतो. न गेला, तर त्याच्यापुढे कागदाचा तुकडा धरावा. तो कागदावर चढला, की वर पेला उपडा ठेवून बाहेर न्यावे व झाडाच्या पानावर सोडावे. बोटांनी चिमटीत धरू नये. नंतर हात धुवावेत. या कामाला दोन मिनिटे पुरतात, आणि घरातील लहानात लहान मूलही ते करू शकते.

परंतु या पाठवणीत एक अडचण आहे आणि ती दिवसेंदिवस वाढत आहे. पाठवायचे, तर कोठे? भिवंडी तालुक्यातील मानकोली, पूर्णा, काल्हेर या भागांत जेथे पूर्वी भाताची खाचरे होती, तेथे आता गोदामांच्या रांगा उभ्या आहेत. गोदामांमुळे हजारो हातांना काम मिळाले, ही चांगलीच गोष्ट आहे. त्याबद्दल तक्रार करण्याचे कारण नाही. पण फरसबंदीवर मावा नसतो आणि पत्र्याच्या भिंतीवर ढालकिड्याला अंडी घालता येत नाहीत. ज्याला घराबाहेर जायला सांगायचे, त्याच्यासाठी घराबाहेर काही जागा शिल्लक ठेवणे, ही सांगणाऱ्याची जबाबदारी आहे. ती जागा मोठीच असली पाहिजे असे नाही. चाळीच्या गॅलरीत जास्वंदीची वा गुलाबाची एक कुंडी, शाळेच्या कुंपणालगत चार झुडपे, गोदामाच्या आवारात एक हिरवी पट्टी, शेताच्या बांधावर न जाळलेले थोडे गवत, एवढ्यावरही त्याचे भागते. त्या झाडांवर विष मारू नये, एवढीच अट. शाळेतील मुलांनी मनावर घेतले, तर कुंपणालगतची चार झुडपे येत्या पावसाळ्यातच लावून होतील.